मुहूर्त आणि नवरीचा शृंगार

लग्नपत्रिकेंत तिथि असते, वार असतो, आणि अक्षता ज्या क्षणीं पडावयाच्या तो मुहूर्त मिनिटापर्यंत छापलेला असतो. कार्यालयाचा पत्ता असतो, भोजनाची वेळही असते. परंतु त्या दिवशीं नवरीनें आरशापुढें केव्हां बसावें, हें कोणत्याही पत्रिकेंत छापीत नाहींत. आणि घरांतल्या मंडळींनीं तें मनाशीं ठरविलेलें असतें असेंही फारसें दिसत नाहीं. पक्वान्नें कोणतीं करावयाचीं यावर चार-चार बैठका होतात, आहेराच्या याद्या दोनदां लिहिल्या जातात, पण नवरीच्या शृंगाराला किती वेळ लागेल हा प्रश्न निघाला कीं "होईल तासाभरांत" एवढ्या एका उत्तरावर तो मिटतो. मग लग्नाच्या दिवशीं गुरुजी तिसऱ्यांदा निरोप धाडतात, मामा जिन्याच्या तोंडाशीं ताटकळत उभा राहतो, आणि आंत नवरीच्या अंबाड्याला एका बाजूला गजरा माळलेला व दुसऱ्या बाजूला पिना तशाच उघड्या, असा देखावा असतो.

मुहूर्ताच्या कामीं आपले पूर्वज फार काटेकोर होते. दिवसाच्या साठ घटका, घटकेचीं साठ पळें; म्हणजे हल्लींच्या मापानें घटका चोवीस मिनिटांची आणि पळ चोवीस सेकंदांचें. घड्याळें घरोघर येण्यापूर्वीं मांडवांत घटिकापात्र ठेवीत. पाण्यानें भरलेल्या मोठ्या भांड्यांत तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी तरंगत सोडावयाची. छिद्रांतून पाणी शिरून ती वाटी बुडाली कीं एक घटका झाली. ही वाटी कोणासाठीं थांबत नसे. पुढें घड्याळें आलीं तीं आपल्याबरोबर निराळाच घोटाळा घेऊन आलीं. १९०६ सालीं हिंदुस्थानची प्रमाण वेळ सुरू झाली, तरी मुंबई शहरांत जुना मुंबई टाइम १९५५ सालापर्यंत चालू राहिला, आणि या दोहोंमध्यें सुमारें ३९ मिनिटांचें अंतर होतें. मुहूर्त कोणत्या घड्याळाचा हें न विचारतां निघालेल्या पाहुण्याला पाऊण तास अगोदर पोंचावें लागे, किंवा तो थेट पंगतीलाच पोंचे. आज तें अंतर उरलेलें नाहीं. तरी लग्नघरांत दोन घड्याळें अजून चालतातच, एक गुरुजींच्या मनगटावरचें आणि दुसरें नवरीच्या खोलींतलें.

येथें एक गोष्ट ध्यानांत घेण्यासारखी आहे. नवरी वेळेच्या आधीं अंतरपाटापाशीं येऊन उभी राहिली, तर कांहींही बिघडत नाहीं. मंगलाष्टकें म्हणणाऱ्यांजवळ पद्यांचा तोटा नसतो. एखादी आत्या घरीं रचलेलें मंगलाष्टक घडी करून घेऊन आलेली असतेच, व मुहूर्ताचा क्षण येईपर्यंत तीं खुशाल लांबवितां येतात. उलट नवरीला उशीर झाला तर मुहूर्त लांबवितां येत नाहीं. अशा वेळीं जें कापलें जातें तें गौरीहराचें पूजन. वास्तविक त्या दिवसांत नवरीच्या वांट्याला येणारी निवांत वेळ काय ती एवढीच. मामाकडची पिवळी अष्टपुत्री नेसून, गौरीहरापुढें पाटावर बसून, चिमूट चिमूट अक्षता वाहत ती कांहीं काळ एकटी असते. आई येऊन शेजारीं टेकते, आजी पाठीवरून हात फिरविते. त्या अर्ध्या तासांत जें बोललें जातें तें पुढें पाठवणीच्या गर्दींत बोलतां येत नाहीं. शृंगाराला उशीर झाला म्हणजे हा अर्धा तास दहा मिनिटांवर येतो, कधीं तर नुसत्या नमस्कारावर भागतें. छायाचित्रांत हें नुकसान दिसत नाहीं, म्हणून त्याची वाच्यताही कोणी करीत नाहीं.

तेव्हां हिशेब मुहूर्तापासून उलट मांडावा. समजा, मुहूर्त सकाळीं ११ वाजून ४७ मिनिटांचा आहे. मंगलाष्टकांना दहा-बारा मिनिटें धरलीं तर मामानें साडेअकराच्या आंत मुलीला घेऊन निघालें पाहिजे, कारण भरजरी वस्त्रांत चालणें सावकाश होतें आणि वाटेंत दहा जण थांबवितात. गौरीहराला अर्धा तास, म्हणजे अकराला ती पाटावर बसली पाहिजे. हल्लीं लग्नापूर्वींचीं छायाचित्रें काढण्याची चाल सर्वत्र पडली आहे. त्यांना निदान वीस मिनिटें लागतात, आणि छायाचित्रकार स्वतः वीस म्हणाला तर तीस धरावीं. याचा अर्थ साडेदहाला शृंगार पुरा झाला पाहिजे. केशरचनेला एक तास, चेहऱ्याच्या प्रसाधनाला सवा तास, नऊवारी नेसविण्यास पाऊण तासाच्या आंतबाहेर आणि दागिने, फुलें, नथ यांना वीस मिनिटें असें मोजलें, तर एकूण तीन तासांच्या वर जातें. तीन तास म्हणजे बरोबर साडेसात घटका. हा आंकडा ऐकून कोणी दचकूं नये, पण कमीही समजूं नये. त्यावर अर्धा तास मोकळा ठेवावा. सारांश, साडेसहाला नवरी नाहून, थोडें खाऊन, समोरून बटणें असलेला सैल झगा घालून आरशापुढें बसलेली असावी. झगा समोरून उघडणारा कां, तर अंबाडा बांधून झाल्यावर तो डोक्यावरून काढण्याची वेळ येऊं नये म्हणून. हें सुचविणारी एखादी अनुभवी मावशी घरांत नसेल, तर साडेआठाच्या सुमारास कात्री शोधण्याची पाळी येते!

या वेळापत्रकाला पहिला सुरुंग लागतो तो सकाळच्या विधींचा. ग्रहमख, पुण्याहवाचन, देवकस्थापना हीं कार्यें लग्नाच्याच सकाळीं असतील तर नवरीला आईवडिलांजवळ बसणें प्राप्त असतें, आणि प्रसाधिका पेट्या उघडून स्वस्थ बसून राहते. ज्या घरीं हे विधी आदल्या दिवशीं उरकून घेतात त्यांचा प्रश्न सुटला. ज्यांना तें शक्य नाहीं त्यांनीं गुरुजींना आठ दिवस आधीं दोनच प्रश्न विचारावे: मुलगी पाटावर केव्हां पाहिजे, आणि किती वेळ पाहिजे? बहुतेक गुरुजी याचें उत्तर अगदीं नेमकें देतात, परंतु तें त्यांना कोणी विचारीतच नाहीं. मग केस आधीं बांधून घ्यावे, विधीला साधी साडी नेसून बसावें, आणि चेहऱ्याचें काम विधीनंतर करावें. होमाच्या धुरानंतर डोळ्यांचें काम केलेलें बरें. आधीं केलेलें काजळ धुरानें डोळ्यांत पाणी येऊन गालांवर उतरतें.

केस आधीं कीं चेहरा आधीं, याविषयीं प्रसाधिकांमध्यें मतभेद आहेत. केसांना गरम चिमटा, फवारा आणि पिना लागत असल्यानें केस आधीं बांधणें हेंच अधिक सोयीचें दिसतें; चिमट्याच्या वाफेनें घाम येतो आणि फवाऱ्याचे कण चेहऱ्यावर बसतात. त्यानंतर चेहरा, मग लुगडें, मग गळ्यांतले व हातांतले दागिने, मग फुलें, आणि नथ सर्वांत शेवटीं. नथीचें हें शेवटचें स्थान मानाचें आहे, तसेंच सक्तीचेंही आहे. मोत्यांची नथ जड असते. नाक टोंचलेलें नसेल तर ती दाबून बसवावी लागते, आणि तासभर आधीं बसविली तर नाकपुडी लाल होऊन दुखूं लागते. शिवाय नथ घातल्यावर पाणी पिणें व खाणें ही एक कसरतच होते. मुंडावळ्या गौरीहरापाशीं बांधतात. त्यांचे दोरे कपाळावरून मागें जावयाचे असल्यामुळें पुढच्या केसांना फार फुगवटा दिलेला नसावा, एवढें केशरचना ठरवितांनाच सांगून ठेवावें.

आदल्या दिवशीं न्हाऊन केस वाळवून ठेवले तर अंबाडा नीट बसतो. लग्नाच्या सकाळीं न्हालेले केस सुळसुळीत असतात, पिन धरीत नाहींत, आणि लांब केस वाळण्यासच तास लागतो. फुलांचीही तीच गोष्ट. मोगऱ्याच्या कळ्या संध्याकाळीं उमलतात. सकाळच्या मुहूर्ताला आणलेला गजरा कळ्यांचाच असावयाचा, व वैशाखाच्या उन्हांत तो दुपारपर्यंत तपकिरी पडतो. त्या मानानें अबोलीला वास नसला तरी ती टिकते. गोमंतकांत व कोंकणांत तिच्या वेण्या नवरीच्या अंबाड्याभोंवतीं माळतात तें उगीच नव्हे. मार्गशीर्षांत शेवंती मिळते. फाल्गुनाच्या सुमारास कोंकणांत सुरंगीचे वळेसर मिळतात, आणि त्यांच्या वासापुढें कोणत्याही अत्तराची गरज पडत नाहीं. फुलें ओल्या फडक्यांत गुंडाळून ठेवावीं व केसांत सर्वांत शेवटीं घालावीं. तीं आणावयास कोण जाणार याचें नांव आदल्या रात्रीं ठरलेलें असावें. "कोणी तरी आणील" असें म्हटलेलीं फुलें मुहूर्त टळल्यावर येतात.

हळदीचा विचार थोडा तपशिलानें केला पाहिजे, कारण फसगत बहुधा येथेंच होते. प्रसाधिकेनें महिनाभर आधीं चांचणी घेऊन चेहऱ्याच्या रंगाशीं जुळणारा लेप निवडलेला असतो. पण ती निवड हळद न लागलेल्या चेहऱ्यावर झालेली असते. लग्नाच्या दिवशीं तोच चेहरा पिवळसर झालेला असतो, आणि जुळविलेला रंग जुळेनासा होतो. हळदींतील रंगद्रव्य, ज्याला कुर्क्युमिन म्हणतात, तें पाण्यांत जवळजवळ विरघळत नाहीं, तेलांत मात्र विरघळतें. म्हणून साबणानें वारंवार घासून चेहरा लाल करून घेण्यापेक्षां आधीं खोबरेल तेलाचा हात फिरवून तें मऊ फडक्यानें टिपून घ्यावें आणि मग चेहरा धुवावा. उजेडानेंही हा रंग विटतो, पण लग्नाच्या सकाळीं उन्हांत बसावयास सवड कोणाला? सर्वांत सोपा उपाय म्हणजे हळद लावणाऱ्या सुवासिनींनीं चेहऱ्याला नुसतें बोट लावावें आणि उत्साह हातापायांवर काढावा. ही विनंति आजीच्या तोंडून झाली तर मान्य होते. नवरीनें स्वतः केली तर "आत्तांपासून नखरे" असा शेरा मिळतो.

मेंदीचा रंग लावल्याबरोबर पुरा चढत नाहीं. लेप काढल्यावर तो नारिंगी दिसतो व पुढच्या एक-दोन दिवसांत गडद होतो. म्हणून मेंदी लग्नाच्या दोन दिवस आधीं काढणें योग्य. "काळी मेंदी" म्हणून विकतात ती मात्र नवरीच्या हाताला लागूं देऊं नये. खरी मेंदी काळी नसते. तींत केसांच्या कलपाचें रसायन मिसळलेलें असतें, आणि त्यानें हातावर फोड आल्याचीं उदाहरणें डॉक्टरांच्या पाहण्यांत पुष्कळ आहेत. नवीन लेप, नवीन कलप किंवा टिकलीचा नवीन डिंक, यांपैकीं कांहींही प्रथमच वापरावयाचें असेल तर तें दोन दिवस आधीं हाताच्या आंतल्या बाजूस थोडेंसें लावून पाहावें. त्वचेची तक्रार उठते ती कधीं कधीं दोन दिवसांनींच उठते. कांहीं टिकल्यांच्या डिंकामुळें कपाळावर पांढरा डाग पडतो हेंही आतां सिद्ध आहे; मेणावर कोरडें कुंकू लावण्याची जुनी रीत मंद होती खरी, पण तींत हें भय नव्हतें. भुवया कोरणें, चेहऱ्याचें मर्दन वगैरे गोष्टी चार-पांच दिवस आधीं आटोपाव्या. आदल्या दिवशीं केलेल्या मर्दनानें चेहरा उजळण्याऐवजीं त्यावर पुटकुळ्या आल्या, तर त्या झांकण्यांत दुसऱ्या दिवसाचीं वीस मिनिटें जातात.

ही चांचणी म्हणजे पैसे उकळण्याची युक्ति, असें पुष्कळ वडील मंडळींना वाटतें. परंतु तिचा खरा उपयोग रूप ठरविण्यापेक्षां वेळ मोजण्यासाठीं आहे. त्या दिवशीं घड्याळ समोर ठेवून पहिल्या पिनेपासून शेवटच्या गजऱ्यापर्यंत किती वेळ लागला तें लिहून ठेवावें, आणि लग्नाच्या दिवसासाठीं त्यांत आणखी चतुर्थांश मिळवावा. कारण चांचणीच्या दिवशीं दार कोणी ठोठावीत नाहीं, आणि लग्नाच्या दिवशीं दर पांच मिनिटांनीं ठोठावतात. चेहऱ्याचा रंग दिवसाच्या उजेडांत पाहावा. कार्यालयाच्या खोलींतला पिवळा दिवा खोटें बोलतो. कांहीं लेप तासा-दोन तासांत थोडे गडद होतात, तेव्हां चांचणी झाल्याबरोबर तोंड न धुतां संध्याकाळपर्यंत तसेंच राहून पाहावें. ऊन अडविणाऱ्या कांहीं मलमांत व पावडरींत जस्ताची किंवा टायटॅनियमची भुकटी असते. डोळ्यांना चेहरा ठीक दिसला तरी छायाचित्रकाराच्या झगझगाटांत तो पांढराफटक येतो. एक छायाचित्र काढून पाहिलें कीं हें तेव्हांच कळतें.

एवढें सारें केलें तरी वेळ चुकते. ती चुकण्याचें मोठें कारण प्रसाधनाच्या पेटींत नसून दाराबाहेर उभ्या असलेल्या रांगेंत असतें. प्रसाधिका ठरलेली असते नवरीसाठीं. तिला सकाळीं पाहतांच मोठ्या काकूंना वाटतें, आपला अंबाडा तेवढा घालून द्यावा. पांच मिनिटांचें तर काम. करवलीला कुरळ्या बटा पाहिजे असतात. वहिनीचें नऊवारी सुटत असतें. आत्या पुण्याहून रात्रीच्या गाडीनें आलेली असते, तिला नाहीं कसें म्हणावें? अशीं सहा जणींचीं पांच-पांच मिनिटें म्हणजे अर्धा तास नव्हे, तर दीड तास होतो. प्रसाधिकेला बोलतां येत नाहीं, कारण ती परकी; नवरीला बोलतां येत नाहीं, कारण तिला आज सर्वांचे आशीर्वाद हवे असतात. यावर दोनच उपाय आहेत. एक, नवरीव्यतिरिक्त इतरांसाठीं दुसरी प्रसाधिका निराळ्या खोलींत बसवावी आणि कोणी केव्हां जावयाचें तें कागदावर लिहून दारावर चिकटवावें. दुसरा उपाय बिनखर्चाचा आहे: दारांत अशी एक बाई बसवावी कीं जिच्यापुढें काकूंचें कांहीं चालत नाहीं. प्रत्येक घराण्यांत अशी एक असते. लग्नांत तिला बहुधा भांडारावर बसवितात. तिला तेथून उठवून नवरीच्या दारांत बसविलें, तर लाडू दहा-वीस कमी उरतील, पण मुहूर्त साधेल.

या रांगेंत जी कधींच उभी राहत नाहीं ती वधूमाय. ती पहांटे चाराला उठलेली असते. वरपक्षाचा चहा, मानाचे नारळ, आहेराच्या पिशव्या, गुरुजींचें सामान, सारें तिच्या कमरेच्या किल्ल्यांत अडकलेलें. "माझें काय, मी आयत्या वेळीं नेसेन" असें ती आठ दिवस म्हणत असते आणि खरोखरच आयत्या वेळीं नेसते. कन्यादानाच्या वेळीं ती नवऱ्याशेजारीं पाटावर येऊन बसते तेव्हां तिच्या शालूच्या निऱ्या वर-खालीं असतात, कपाळ घामेजलेलें असतें, आणि केसांतली वेणी कोणी तरी घाईघाईनें खोंचलेली असते. त्या दिवसाचीं छायाचित्रें पुढें पन्नास वर्षें घरांत राहतात. जुन्या छायाचित्रांत नवरीच्या तोंडाला थोडी पावडर आणि मुंबईंत १९१९ सालीं निघालेला अफगाण स्नो, एवढेंच प्रसाधन असे. पण आई आणि मुलगी शेजारीं बसल्या कीं त्या एकाच घरच्या, एकाच समारंभाच्या दिसत. हल्लीं मुलगी रंगमंचावरची आणि आई स्वयंपाकघरांतली, अशी फारकत दिसते. म्हणून वेळापत्रक आंखतांना पहिली ओळ आईची लिहावी. साडेपांचाला तिचे केस बांधावे, सहाला तिला शालू नेसवावा, वर एक जुनी चादर गुंडाळून द्यावी, आणि मग तिला काय धांवपळ करावयाची ती करूं द्यावी. ती कुरकुरेल, तरी ऐकूं नये.

नवरीनें खाल्लें आहे कीं नाहीं, हेंही वेळेच्याच हिशेबांत येतें. पुष्कळ घरीं लग्न लागेपर्यंत मुलीनें उपाशी राहावें अशी चाल आहे. तरी दूध, फळ, साबुदाण्याची खीर यांना सहसा कोणी हरकत घेत नाहीं. तीन तास चिमट्याच्या उष्णतेंत बसून, मग होमापुढें दोन तास बसणाऱ्या मुलीला भोंवळ आली तर शृंगार धुवूनच तिला सावध करावें लागतें. ओठ रंगविण्यापूर्वीं पोटांत कांहीं गेलें पाहिजे, आणि नऊवारी नेसविण्यापूर्वीं तिला एकदां मोकळें होऊन येऊं दिलें पाहिजे. ही दुसरी सूचना कोणत्याही याद्यांत नसते. नऊ वारांचा कासोटा एकदां घातल्यावर ती आठवली, तर पाऊण तासाचें काम पुन्हां पहिल्यापासून करावें लागतें.

अक्षता पडल्यावरही घड्याळ सुटत नाहीं. कन्यादान, मंगळसूत्र, लाजाहोम, सप्तपदी झाली कीं अष्टपुत्री सोडून सासरचा शालू किंवा पैठणी नेसावयाची असते. वस्त्र बदलण्यास अर्धा तास, आणि संध्याकाळच्या समारंभासाठीं केशरचनाही बदलावयाची असेल तर आणखी एक तास धरावा. फवाऱ्यानें ताठ झालेला अंबाडा नुसता सोडविण्यासच वीस मिनिटें लागतात. या वेळीं पंगत ताटकळते, कारण वधूवर पाटावर बसून उखाण्यांत नांव घेतल्याशिवाय व एकमेकांना घास दिल्याशिवाय जेवण रंगत नाहीं. ज्यांचा मुहूर्त संध्याकाळचा गोरज आहे त्यांना दुपारीं दोनला आरशापुढें बसावें लागतें, आणि वैशाखांत तो तास घामाचा असतो. अशा ठिकाणीं खोलीला पंखा आहे का, खिडकी आहे का, आणि वीज गेली तर काय, हें कार्यालय ठरवितांनाच पाहून ठेवावें. पुष्कळ कार्यालयांत नवरीची खोली म्हणजे जिन्याखालची अडगळ असते आणि आरसा हातभर!

शेवटचें काम रात्रीचें. वरात पोंचते, उंबऱ्यावरचें माप ओलांडून होतें, लक्ष्मीपूजन होऊन नवें नांव तांदळांत लिहिलें जातें, आणि परक्या घरांत नवरी डोक्यावर चाळीस-पन्नास पिना घेऊन बसलेली असते. त्या वेळीं तिच्याजवळ प्रसाधिका नसते, आई नसते. असते ती पाठराखीण. तेव्हां पाठराखिणीच्या पिशवींत सकाळींच खोबरेल तेलाची बाटली, कापूस, रुंद दातांची फणी आणि पिना ठेवावयास एक रिकामा डबा घालून द्यावा. पिना किती लावल्या तो आंकडा प्रसाधिकेकडून विचारून डब्यावर लिहून ठेवला, तर काढतांना मोजतां येतात, आणि एखादी राहून गेलेली पिन मध्यरात्रीं उशीला टोंचत नाहीं.